मंडईच्या गाळ्यांचा इतिहास जमवतोय, हातभार लावा

पुणेकरांनो,

महात्मा फुले मंडई कोणी बांधली, कधी उघडली, हे पुस्तकांत सापडतं. बांधकाम वासुदेव बापूजी कानिटकरांचं, उद्घाटन ५ ऑक्टोबर १८८६ रोजी ड्यूक ऑफ कॅनॉट यांच्या हस्ते, आणि सुरुवातीला नाव मुंबई इलाख्याचे तेव्हाचे गव्हर्नर लॉर्ड रे यांचं. पण या छपराखाली पिढ्यान्‌पिढ्या बसून ज्यांनी भाजी विकली, त्यांच्या आठवणी फारशा कोणी लिहून ठेवलेल्या नाहीत. त्या जमवायला आम्ही मंडईतले काही गाळेधारक आणि शुक्रवार पेठेतले रहिवासी एकत्र आलो आहोत.

मंडई बांधण्याआधी भाजीबाजार शनिवारवाड्यासमोरच्या पटांगणात उघड्यावर भरायचा. नव्या मंडईवर होणाऱ्या खर्चाला महात्मा फुल्यांचा विरोध होता. हा पैसा गोरगरिबांच्या शिक्षणावर खर्च व्हावा, असं त्यांचं म्हणणं. पुढे आचार्य अत्र्यांच्या पुढाकाराने याच इमारतीला फुल्यांचं नाव मिळालं. आम्हाला ते योग्यच वाटतं. ज्यांच्या बाजूने ते बोलले, तीच कष्टकरी माणसं इथे रोज पहाटे माल लावतात.

इमारत नीट बघायची तर एकदा मधोमध उभं राहून वर पाहा. मध्ये अष्टकोनी मनोरा, त्याच्या चहूबाजूंनी फाकलेले लांब हात, त्यांवर उतरती छपरं. कमानी टोकदार, गॉथिक धाटणीच्या. काळ्या दगडाचं बांधकाम आणि वर भरपूर उंची, त्यामुळे भर उन्हाळ्यातही आत पाऊल टाकलं की बरं वाटतं. पालेभाजी विकणाऱ्याला याची किंमत विचारा. देखणेपणाइतकाच हा उपयोग मोलाचा आहे. इमारत महापालिकेच्या वारसा यादीत आहे, पण वाटा, पेट्या, तराजू, कोण कुठे बसायचं आणि का, या रोजच्या वापराची नोंद कुठल्या यादीत येणार?

घाऊक बाजार गुलटेकडीला गेला, २०२४ मध्ये मंडईचं मेट्रो स्थानक सुरू झालं. आता इथली गर्दी बदलतेय, गाळे बदलतायत. ज्यांना जुनी मंडई आठवते ती माणसं थकली आहेत. काही गेलीसुद्धा, आणि त्यांच्या ट्रंकेतले कागद रद्दीत गेले. म्हणून घाई आहे.

आम्हाला हवंय ते असं. घरात मंडईचे जुने फोटो असतील, लग्नाच्या अल्बममध्ये मागे मंडई दिसत असली तरी चालेल. गाळ्याचे परवाने, भाड्याच्या पावत्या, उधारीच्या वह्या, निवडणुकीची पत्रकं. मंडईच्या कट्ट्यावरच्या गप्पांच्या अड्ड्यात, म्हणजे ‘मंडई विद्यापीठा’त, वाद घातलेले कोणी असतील, तर त्यांना दोन तास बोलतं करायचं आहे. १९२४ मध्ये मंडईत लोकमान्यांचा पुतळा बसला, त्या दिवसाबद्दल आजी-आजोबांकडून काही ऐकलेलं असेल, तर तेही सांगा. कागद आम्ही ठेवून घेणार नाही. तुमच्यासमोर स्कॅन करून त्याच दिवशी परत देऊ.

वास्तुकलेच्या विद्यार्थ्यांची फार गरज आहे. गाळ्यांची, ओट्यांची मापं घेऊन आजचा नकाशा काढायचा आहे. पुढे कधी डागडुजी झाली आणि जुन्या चुन्याच्या सांध्यांत सिमेंट भरलं गेलं, तर ओल आत अडकून दगडाचीच हानी होते. कुठे काय आहे याची आधीच नोंद असली, तर असं काम वेळेवर थांबवता येतं.

पैशांबद्दल स्पष्ट सांगतो. इमारत महापालिकेची, दुरुस्ती तिचं काम. त्यासाठी आम्ही एक रुपयाही मागत नाही. स्कॅनर, ध्वनिमुद्रण आणि मजकूर टंकलिखित करून घेणं एवढ्यासाठी देणगी हवी आहे. रक्कम कितीही असो, पावती मिळेल, आणि हिशेब मंडईतच फलकावर लावू. पावती घेतल्याशिवाय कोणालाही पैसे देऊ नका.

दुपारी गिऱ्हाईक कमी असतं, तेव्हा या. सकाळी विक्रीच्या वेळी आमच्यापैकी कोणालाच बोलायला सवड नसते.