वरच्या मजल्यावरच्या काकांना, एका झिप फायलीबद्दल

तीर्थस्वरूप काकांस,
साष्टांग नमस्कार.

समोर आभार मानलेले तुम्हाला आवडत नाहीत. मी दोनदा प्रयत्न केला आणि दोन्ही वेळा तुम्ही "पाय कसा आहे त्याचा?" असं विचारून विषय बदललात. म्हणून हे पत्र, आणि तेही सगळ्यांना वाचता येईल असं. त्या संध्याकाळी मी ज्या फायलीवर बोट टेकवायला निघाले होते, तसलीच फाईल आज आणखी कुणाच्या तरी फोनवर उतरत असेल. त्या माणसाच्या वरच्या मजल्यावर तुम्ही असालच असं नाही.

माझ्या धाकट्या भावाचा पाय मोडला, सहा आठवड्यांचं प्लॅस्टर लागलं आणि तो खाटेवर अडकला. त्याच्या हातात माझा जुना फोन होता. मित्रांच्या तोंडी सारखा एका मोठ्या गेमचा विषय, आणि तोच गेम त्याला हवा होता. मला एका ठिकाणी तो 'हायली कॉम्प्रेस्ड', म्हणजे खूप दाबून लहान केलेला, म्हणून दिसला. २ जीबीचा गेम फक्त ४० एमबीत! मी उतरवून घेतला. ती झिप होती, म्हणजे फायली दाबून एकत्र बांधलेलं गाठोडं. तिच्यावर बोट ठेवलं तर पासवर्ड मागितला. पासवर्डसाठी दुसऱ्या पानावर जायचं, तिथे माहिती भरायची आणि त्याआधी आणखी एक ॲप टाकायचं. भावाला रात्रीपर्यंत गेम देईन म्हणून सांगून बसले होते, त्यामुळे तेही करायची माझी तयारी होती. तेवढ्यात तुम्ही त्याची विचारपूस करायला आलात.

तुम्ही फोन हातात घेतलात आणि पहिला प्रश्न विचारलात, "आत काय आहे ते बघितलंस का?"

पासवर्ड नाही तर आत कसं बघणार, असं मी म्हटलं. त्यावर तुम्ही फाईल मॅनेजरमधून ती झिप नुसती उघडलीत, काही बाहेर न काढता, आणि आतली यादी माझ्यासमोर धरलीत. साध्या झिपला कुलूप लावलं तरी आतल्या फायलींची नावं आणि आकार झाकले जात नाहीत, हे मला तोवर माहीत नव्हतं. (आरएआर आणि सेव्हन-झिप या गाठोड्यांच्या दुसऱ्या प्रकारांत नावंही लपवता येतात, हे तुम्ही नंतर सांगितलंत.) यादीत दोनच ओळी होत्या. एक एपीके, म्हणजे फोनवर ॲप बसवणारी फाईल, आणि एक मजकुराची फाईल. मूळ आकाराच्या रकान्यात दोन्ही मिळून ४१ एमबी. २ जीबी कुठेच नव्हते. जो गेम बाहेर काढायला मी निघाले होते, तो त्या झिपमध्ये नव्हताच.

ते एपीके काय करणार होतं ते आपण शोधलं नाही. तुम्ही झिप पुसलीत, सेटिंग्जमध्ये गेलात आणि ब्राउझरला मी दिलेली 'अनोळखी ॲप इन्स्टॉल करण्याची' परवानगी काढून घेतलीत. पूर्वी सगळ्यांसाठी मिळून एकच बटण असायचं. २०१७ च्या अँड्रॉइड ८ पासून ही परवानगी एकेका ॲपला वेगळी द्यावी लागते. काम झालं की ती परत घ्यायची, हे तुम्ही एकदाच सांगितलंत आणि माझ्या डोक्यात पक्कं बसलं.

धाकटा हिरमुसला होता. तुम्ही त्याची समजूत घातली नाहीत. त्याच्या उशाशी बसून सरळ समजवायलाच लागलात की २ जीबीचे ४० एमबी का होत नाहीत. दाबणं म्हणजे काय, तर मजकुरात जे पुन्हापुन्हा येतं ते एकदाच लिहायचं, आणि पुढच्या वेळी 'इतकं मागे जा, तिथून इतकी अक्षरं उचल' एवढीच खूण ठेवायची. अब्राहम लेम्पेल आणि जेकब झिव यांनी ही रीत १९७७ मध्ये मांडली. त्यात डेव्हिड हफमन यांची १९५२ ची युक्ती मिसळायची, म्हणजे जे चिन्ह वारंवार येतं त्याला आखूड संकेत आणि जे क्वचित येतं त्याला लांब. झिपच्या आत मुख्यतः हेच चालतं.

मग तुम्ही करून दाखवलंत, आणि माझ्या मते खरं शिक्षण तिथे झालं. फोटोंनी भरलेला एक फोल्डर झिप केलात, आकार जवळजवळ तेवढाच राहिला, कारण फोटो आधीच दाबलेले असतात. नुसत्या मजकुराची फाईल झिप केलीत, ती कितीतरी लहान झाली. आणि शेवटी तुमच्या लॅपटॉपवर फक्त शून्यांनी भरलेली १०० एमबीची फाईल बनवलीत. तिची झिप झाली साधारण १०० केबीची. धाकटा म्हणाला, "म्हणजे रिकामं असेल तरच इतकं दाबलं जातं?" तुमचा चेहरा त्या वेळी किती खुलला होता! गेमचा बहुतेक भार चित्रं, आवाज आणि चित्रफिती यांचा असतो आणि ते सगळं आधीच दाबलेलं असतं. कुणी खरोखर आकार उतरवला असेल तर बहुधा आतलं काहीतरी काढून टाकूनच. तो मग मूळ गेम राहत नाही, आणि वाटायला परवानगी घेतलेली नसते ते वेगळंच. हेही तुम्ही आडपडदा न ठेवता सांगितलंत.

दुसऱ्या दिवशी तुम्ही सरावासाठी 'बिनीथ अ स्टील स्काय' निवडलात. १९९४ चा गेम, पण २००३ पासून बनवणाऱ्यांनीच फुकट वाटायला खुला केलेला. आधी स्कमव्हीएम हे जुने गेम चालवणारं ॲप टाकलं, मग गेमची झिप उतरवली, यादी बघितली, एका नव्या फोल्डरमध्ये सगळं बाहेर काढलं आणि स्कमव्हीएमला तो फोल्डर दाखवला. एकटी फाईल नव्हे, अख्खा फोल्डर. मी फायलींवरच बोटं मारत बसले होते. धाकट्याला तो गेम इतका जुना दिसला की आधी त्याने नाक मुरडलं. मग सर्किट बोर्ड खिशात घेऊन फिरणारा गेमचा नायक फॉस्टर आणि वेगवेगळ्या यंत्रांच्या अंगात शिरणारा त्याचा जोई भेटला, आणि त्या दुपारी त्याने दुखण्याचं नाव काढलं नाही.

खरी परीक्षा पुढे होती. त्याच्या वाढदिवसाला मी एक गेम बनवणाऱ्यांकडूनच विकत घेतला. झिप ८९४ एमबीची. रात्री नेट मधेच गेलं आणि सकाळी फोन म्हणाला, फाईल खराब आहे. अर्ध्याहून जास्त उतरली असताना निदान अर्धं तरी दिसायला नको का, असं मी चिडून विचारलं. तेव्हा तुम्ही सांगितलेली गोष्ट मी आता सगळ्यांना सांगत असते. झिपची अनुक्रमणिका शेवटच्या पानावर असते. शेपूट तुटलं की आत काय कुठे ठेवलंय हेच फोनला कळत नाही. फोन बिघडला नव्हता, माझे पैसेही बुडाले नव्हते. फक्त पूर्ण उतरवायची होती.

पुन्हा उतरवल्यावर तुम्ही साइटवर दिलेला एसएचए-२५६ चा आकडा काढलात, ६४ चिन्हांचा. तो म्हणजे फायलीचा जणू अंगठ्याचा ठसा, फाईल जराही बदलली तर तोही बदलतो. फोनवरच्या फायलीचाही काढलात. आणि मग तो धाकट्याला मोठ्याने वाचायला लावलात. पाय उशीवर, कागद हातात, तो एकेक अक्षर वाचतोय आणि मी जुळवतेय. चव्वेचाळिसाव्या अक्षराला तो अडखळला तर तुम्ही पहिल्यापासून वाचायला लावलंत. कंटाळा आणणारं काम होतं, पण त्या आठवड्यात कुणीतरी त्याच्यावर एखादं काम सोपवलं ते पहिल्यांदाच. आम्ही सगळे त्याला जपत होतो. तुम्ही त्याला कामाला लावलंत.

आत दोन गोष्टी होत्या. ३८ एमबीचं एपीके आणि ८७२ एमबीची ओबीबी. सगळं बाहेर काढल्यावर ९१० एमबी, म्हणजे ८९४ च्या झिपपेक्षा जेमतेम मोठं. धाकट्याने ते स्वतः ओळखलं, "आधीच दाबलेलं आहे ना!" ओबीबी म्हणजे गेमचं सामान. एपीके लहान ठेवायचं आणि जड चित्रं, आवाज वेगळ्या फायलीत, अशी ती सोय होती. आणि एपीके स्वतःच एक झिप असतं हे कळलं तेव्हा तर मला गंमतच वाटली. तुम्ही ते लॅपटॉपवर अक्षरांत उघडलंत आणि अगदी सुरुवातीची दोन अक्षरं दाखवलीत, 'पीके'. १९८९ मध्ये ही झिपची रचना आणणाऱ्या फिल कॅट्झ यांची आद्याक्षरं. ती आजही जवळजवळ प्रत्येक झिपच्या तोंडाशी आहेत.

त्याच एपीकेच्या आत 'लिब' नावाचा फोल्डर उघडून, त्यातले भाग माझ्या फोनच्या प्रोसेसरशी जुळतात का ते तुम्ही बघितलंत. माझा जुना फोन ३२ बिटचा. फक्त ६४ बिटचा भाग असता तर 'ॲप इन्स्टॉल झालं नाही' एवढंच म्हणून फोन गप्प बसला असता, आणि मी दिवसभर झिपला दोष देत बसले असते. आपल्या फायलीत दोन्ही भाग होते.

मग जागा. फोनवर फक्त २ जीबी रिकामे. मी हिशेब केला होता की ९१० एमबीला ते भरपूर आहेत. तुम्ही कागदावर मांडून दाखवलंत. झिप ८९४, बाहेर काढलेलं ९१०, आणि ओबीबी 'कॉपी' केली तर तिची आणखी एक प्रत ८७२. अडीच जीबीच्या वर गेलं. म्हणून 'कॉपी' नाही, 'मूव्ह'. आणि आकडा जुळलेली झिप बाहेर काढून झाली की लगेच फोनवरून काढायची, एक प्रत लॅपटॉपवर ठेवून.

क्रमही तुमचाच. आधी एपीके टाकायचं, पण गेम उघडायचा नाही. मग ओबीबी जागेवर ठेवायची, मग उघडायचा. 'अँड्रॉइड' फोल्डर, त्यात 'ओबीबी', त्यात गेमच्या पॅकेजच्या नावाचा (फोन गेमला ज्या नावाने ओळखतो त्याचा) फोल्डर आणि त्यात ती फाईल. नाव लांबलचक असलं तरी एक अक्षर बदलायचं नाही, कारण गेम तिला नावानेच शोधतो. मी हे सगळं मन लावून केलं आणि गेम उघडला तर काळा पडदा. सामान सापडत नाही. तीनदा केलं, रडकुंडीला आले. तुम्ही जिना उतरून आलात, पडद्याकडे बघितलंत आणि म्हणालात, "एक पायरी खाली उतरलीस." फाईल मॅनेजरने बाहेर काढताना झिपच्या नावाचा एक फोल्डर आपणहून बनवला होता आणि मी तो तसाच उचलून ठेवला होता. फोल्डरच्या आत फोल्डर. आतला एक पातळी वर आणला आणि गेम सुरू झाला. धाकट्याने मारलेली आरोळी तुमच्या मजल्यापर्यंत ऐकू गेली असती, पण तुम्ही आमच्याच घरात होतात.

नंतर तोच गेम माझ्या नव्या फोनवर टाकायला गेले तर ओबीबीच्या फोल्डरमध्ये फाईल मॅनेजर शिरेचना. माझंच काही चुकलं असं वाटलं. २०२० च्या अँड्रॉइड ११ पासून तो दरवाजा साध्या फाईल मॅनेजरना बंद झालाय, हे तुम्ही सांगितलंत आणि तुमची केबल दिलीत. लॅपटॉपवरून फाईल टाकली आणि पाच मिनिटांत काम झालं.

काका, तुम्ही आयुष्यभर कचेरीतल्या संगणकांवर काम केलंत. १.४४ एमबीच्या फ्लॉपींवर एकेक तुकडा भरून मोठ्या फायली नेल्यात, आणि शेवटची फ्लॉपी वाचली गेली नाही म्हणून पुन्हा पहिल्यापासून केलंत. हे सगळं तुम्ही सहज बोलता बोलता सांगितलंत. तुमच्या हाताला सवय होती, दहा मिनिटांत तुम्ही गेम टाकून देऊ शकला असता. तुम्ही फोन प्रत्येक वेळी माझ्या हातात परत दिलात. माझी चूक होईपर्यंत थांबलात आणि झाल्यावर एकदाही हसला नाहीत. त्याबद्दल मी तुमची ऋणी आहे. गेमबद्दल आहेच, पण ह्याबद्दल जास्त.

परवा कामावरच्या एका मैत्रिणीने मला फोन दाखवला. झिप, पासवर्ड आणि तसलंच एक पान. मी तिच्याकडून फोन घेतला नाही. शेजारी बसले आणि तिच्याच हातून यादी उघडवली. आत एकच फाईल निघाली. तिने ती स्वतः पुसली.

धाकट्याचं प्लॅस्टर गेल्या आठवड्यात निघालं. फॉस्टर कारखान्यात कुठेतरी अडकलाय आणि तुम्हाला विचारल्याशिवाय पुढे जायचं नाही असं त्याने ठरवलंय. मी म्हटलं, काकांना खाली बोलावू का? तो नाही म्हणाला. कठड्याला धरून, एकेक पायरी चढून तो रविवारी सकाळी स्वतः वर येणार आहे. केबलही त्याच्याच हाती देते. दाराशी यायला त्याला जरा वेळ लागेल.

आपली,
खालच्या मजल्यावरची