कायनबर्गचे वाडे राहतील, पण शेतीचं काय?

प्रति,
माननीय मंत्रिमहोदया,
हाइमाट (मायभूमी), स्थानिक स्वराज्य, बांधकाम आणि डिजिटायझेशन मंत्रालय,
नॉर्थ ऱ्हाइन-वेस्टफालिया राज्य, डसेलडॉर्फ, जर्मनी

विषय: कोळसा खाणीतून वाचलेल्या कायनबर्ग गावातील शेतवाडे शेतीसाठीच राखून ठेवण्याबाबत

स.न.वि.वि.

या पत्राची जर्मन प्रत आपल्या कार्यालयाकडे वेगळी पाठवली आहे. मराठीत ते खुलं करते आहे, कारण धरणात किंवा खाणीत गाव गेलेली माणसं आमच्याकडे जिल्ह्याजिल्ह्यांत आहेत. माझं आजोळही कोयनेच्या पाण्याखाली आहे. गाव उठतं कसं हे आम्हाला चांगलं ठाऊक आहे. उठवलेलं गाव ऐनवेळी वाचलं तर पुढे काय करायचं, हे मात्र आम्ही कधी पाहिलेलं नाही.

4 ऑक्टोबर 2022 ला बर्लिनचं केंद्र सरकार, आपलं राज्य सरकार आणि खाण चालवणारी आरडब्ल्यूई कंपनी यांच्यात समझोता जाहीर झाला. इथला तपकिरी कोळसा 2038 ऐवजी 2030 लाच बंद करायचा, गार्त्सवाइलर खाणीच्या तोंडाशी आलेली कायनबर्ग, कुकुम, बेरफेराथ, ओबरवेस्ट्रिश आणि उंटरवेस्ट्रिश ही पाच गावं ठेवायची, शेजारचं ल्युत्सेराथ गाव मात्र पाडायचं. जानेवारी 2023 मध्ये पोलिस बंदोबस्तात ल्युत्सेराथ रिकामं करून जमीनदोस्त केलं. पाच गावं वाचली म्हणून पेढे वाटावेत, तर खायला गावात माणसं कुठे होती? 2016 पासूनच एर्केलेन्त्स शहराच्या उत्तरेला याच पाच नावांची नवी वसाहत उभी राहत होती आणि बहुतेक कुटुंबं घरं कंपनीला विकून तिकडे गेली होती. त्यामुळे आज कायनबर्ग दोन आहेत. जुन्यात काही हट्टी कुटुंबं टिकून राहिली. मोकळ्या घरांत मध्यंतरी युक्रेनच्या निर्वासितांची सोय झाली, हे चांगलंच झालं. तरी गल्लीत एकामागून एक खाली ओढलेली शटर्स बघवत नाहीत.

आता या रिकाम्या घरांचं काय करायचं, यावर बैठका, आराखडे, सादरीकरणं चालू आहेत. त्यांत घरं, नवे व्यवसाय, हरित ऊर्जा, पर्यटन असं सगळं येतं. माझं म्हणणं एवढंच, की कायनबर्ग हे शेतकऱ्यांचं गाव आहे आणि शेती काढून घेतली तर वारसा म्हणून राखायला उरतं ते फक्त वीटकाम.

इथला जुना शेतवाडा एकदा आतून बघावा. चारही बाजूंनी विटांचं बांधकाम, मधे फरसबंद चौक. रस्त्याच्या अंगाला राहतं घर, बाजूला गोठे आणि मागच्या अंगाला घराहून उंच कोठार. दरवाजा भरली गाडी आत यावी एवढा रुंद आणि उंच. कमानीच्या दोन्ही पायथ्यांशी दगड रोवलेले असतात, गाडीचं चाक घासून विटा निघू नयेत म्हणून. कित्येक दगडांना चाकांनी खोबण पाडली आहे. असा वाडा कुण्या वास्तुतज्ज्ञाने कागदावर आखलेला नाही. किती पीक येतं, किती जनावरं आहेत, किती माणसं राबतात, यावरून त्याची मापं ठरली. त्याच कोठारात मजले घालून आठ फ्लॅट काढले, तर दर्शनी भिंत संरक्षित राहील आणि ती तशी का आहे हे सांगणारं काहीच उरणार नाही.

आणि माती! हा सगळा पट्टा लोएसचा, म्हणजे हिमयुगात वाऱ्याने आणून टाकलेल्या बारीक मातीचा. खडा लागत नाही, ओल धरून ठेवते. जर्मनीतल्या सर्वांत सुपीक जमिनींत तिची गणना होते. गहू आणि साखरबीट ही इथली पिकं. शरद ऋतूत शेताच्या कडेला बीटचे लांबलचक ढीग लागतात, कारखान्याच्या गाडीची वाट बघत. उसाच्या मोळ्या बघत वाढलेल्या माणसाला ते दृश्य परकं वाटत नाही. जवळच्या क्यूकहोफेन गावात 1990 मध्ये नवाश्मयुगीन विहीर सापडली. तिच्या ओकच्या फळ्या इसवी सनापूर्वी 5090 च्या सुमारास तोडलेल्या झाडांच्या आहेत. सात हजार वर्षांपूर्वीचे शेतकरीही याच मातीवर येऊन थांबले होते. खाणीचं यंत्र आधी हाच थर खरवडतं. नंतर माती पसरून जमीन पुन्हा तयार करतात, पण तिची घडी बसायला वर्षं जातात.

वास्तू संरक्षित वारशाच्या यादीत घातली की काम झालं, असं कृपया मानू नये. जवळच्या इमेराथ गावाचं सेंट लाम्बेर्टुस चर्च यादीत होतं. 1888 ते 1891 या काळात बांधलेलं, दोन मनोऱ्यांचं, लोक त्याला कौतुकाने 'इमेराथचं कॅथेड्रल' म्हणत. जानेवारी 2018 मध्ये याच खाणीसाठी दोन दिवसांत ते पाडलं. न्यायालयाकडूनही फार आशा नाही. आपलं गाव राखण्याचा स्वतंत्र मूलभूत हक्क राज्यघटनेत नाही, असं संघीय घटना न्यायालयाने 2013 मध्ये गार्त्सवाइलरच्याच प्रकरणात सांगितलं आहे. राहिलं सरकारचं धोरण, म्हणून हे पत्र आपल्याला.

राज्याचं वारसा जतनाचं सर्वोच्च खातं आपल्याकडे आहे. वाडे विक्रीला काढताना कोठार, चौक आणि लगतची जमीन यांचे तुकडे पाडू नयेत. जो कसणार आहे त्याला पहिलं प्राधान्य असावं. त्यातही गाव सोडून गेलेल्या कुटुंबांतल्या मुलांना आधी विचारावं, कारण बांध, चर आणि पाणी कुठे तुंबतं हे त्यांनाच माहीत आहे. एकरकमी किंमत परवडत नसेल तर दीर्घ मुदतीचा खंड चालेल. तरुण शेतकऱ्याने बँकेचं कर्ज काढून अख्खा वाडा दुरुस्त करावा, ही अपेक्षा ठेवलीत तर विकत घेणारा बिल्डरच असेल, हे मी आजच लिहून देते.

दुसरं, पाणी. नीर्स नदी कुकुमजवळ उगम पावते. खाण कोरडी ठेवण्यासाठी भूजल उपसलं गेलं आणि उगम आटला, आता नदीत पाणी सोडावं लागतं. खाणीच्या खड्ड्यात ऱ्हाइनचं पाणी आणून तलाव करायचा आहे आणि तो भरायला सुमारे चाळीस वर्षं लागतील. तलावाकाठच्या बंगल्यांची चित्रं आत्ताच फिरू लागतील. तोवर या जमिनींच्या पाण्याची जबाबदारी कोणाची आणि किती वर्षं, हे विक्रीच्या करारातच लिहून यावं. नाहीतर 2030 नंतर शेतकऱ्याला या टेबलावरून त्या टेबलावर फिरावं लागेल.

वाड्यांच्या विक्रीच्या अटी ठरवण्यापूर्वी दोन्ही कायनबर्गच्या रहिवाशांची एकत्र बैठक आपण जुन्या गावात घ्यावी आणि अटींचा मसुदा त्यांना आधी वाचायला द्यावा, ही विनंती.

कळावे,
आपली,
डसेलडॉर्फमधील एक मराठी रहिवासी