कारखान्यांना दीर्घ मुदतीचे कर्ज देणार कोण?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रस्ते, बंदरे, वीज यांसाठी केंद्र सरकारने २०२१ मध्ये कायदा करून 'नॅबफिड' ही दीर्घ मुदतीची कर्जे देणारी विकास वित्तसंस्था उभी केली आणि तिला २० हजार कोटींचे भांडवल दिले. त्याचे स्वागतच आहे. पण कोल्हापूरजवळच्या शिरोलीत जुना क्युपोला (कोकवर चालणारी भट्टी) काढून विजेवरची इंडक्शन फर्नेस बसवू पाहणाऱ्या फाउंड्रीवाल्याने, म्हणजे ओतकामाच्या कारखानदाराने, दहा वर्षांच्या मुदतीचे कर्ज कोणाकडे मागायचे?

राज्य पातळीवरच्या एका वित्तसंस्थेत मी तांत्रिक अधिकारी होतो. फाउंड्रीचा प्रस्ताव आला की ताळेबंदाआधी आम्ही शेड बघायचो. ट्रान्सफॉर्मर केवढा, वाळू परत वापरायची सोय आहे का, पॅटर्न (साच्याचे नमुने) स्वतःचे की गिऱ्हाइकाचे, मोल्डर (साचे भरणारे कामगार) जवळपास मिळतात की बाहेरून आणायचे. एका ठिकाणी फर्नेस ताडपत्रीखाली तशीच पडून होती, कारण वाढीव वीजजोडणी मिळालेली नव्हती. बीड (ओतीव लोखंड) वितळल्याशिवाय हप्ता येणार कुठून? आम्ही पहिला हप्ता पुढे ढकलला. पुढे तिथली कास्टिंग (ओतीव भाग) पंपाच्या कारखान्यांना जाऊ लागली आणि कर्ज पूर्ण फिटले. कर्ज देणाऱ्याला यंत्र कळत असेल, तरच असा निर्णय होतो.

उद्योगांना लांब मुदतीचे कर्ज देणाऱ्या अशा संस्थांची व्यवस्था स्वातंत्र्यानंतर विचारपूर्वक उभी राहिली होती. १९४८ मध्ये आयएफसीआय, १९५१ च्या कायद्याने राज्यांची वित्तीय महामंडळे, १९५५ मध्ये आयसीआयसीआय, १९६४ मध्ये आयडीबीआय, १९६६ मध्ये आपल्याकडे महाराष्ट्रात सिकॉम. यांना पैसा स्वस्त आणि लांब मुदतीचा मिळे: रिझर्व्ह बँकेच्या खास निधीतून आणि बँकांना घ्यावेच लागणाऱ्या सरकारी हमीच्या रोख्यांतून. नव्वदच्या दशकात हे झरे आटवले गेले. बाजारातून महाग पैसा उचलून या संस्थांनी सात-दहा वर्षांची कर्जे द्यावीत, ही अपेक्षाच चुकीची होती. १९९८ च्या नरसिंहम समितीने त्यांना बँक व्हा किंवा बिगरबँक वित्तीय कंपनी व्हा, असा मार्ग दाखवला. २००२ मध्ये आयसीआयसीआय स्वतःच्याच बँकेत विलीन झाली, २००४ मध्ये आयडीबीआयही बँक झाली. माझ्या मते ती मोठी चूक होती.

जुन्या पद्धतीत सगळे आलबेल होते असे मी म्हणणार नाही. वशिल्याची कर्जे दिली गेली, वसुलीला हात लावू दिला गेला नाही, आणि त्यात अनेक राज्यांची महामंडळे बुडाली. पण त्यासाठी वशिला मोडायचा होता. आपण प्रकल्प पारखणारी माणसेच घालवली.

आज बँकांच्या ठेवी बहुतांशी कमी मुदतीच्या. त्यांनी लांब मुदतीला बिचकावे हे स्वाभाविक आहे. आमच्या शेजारचा तरुण अभियंता सीएनसी (संगणकावर चालणाऱ्या) मशीनसाठी एका बँकेत गेला. मुदत पाच वर्षे, हप्ता पुढच्या महिन्यापासून, तारण वडिलांचे घर. विनातारण कर्जाला हमी देणारा सरकारी निधी २००० सालापासून आहे, तरी घराची कागदपत्रे मागितली गेलीच. मशीन बघायला कोणी आले नाही. वडिलांनी नको म्हटले आणि तो आता पुण्यात नोकरी करतो.

लघुउद्योगांसाठीची विकास बँक सिडबी १९९० पासून काम करते आहे, पण तिचा बराचसा पैसा बँकांमार्फत पुनर्वित्ताच्या रूपाने, म्हणजे बँकांनी दिलेल्या कर्जांसाठी बँकांनाच, जातो. म्हणजे उद्योजकाला गाठ घ्यावी लागते ती पुन्हा त्याच शाखेची. सरकारने सिडबीला थेट कर्जासाठी लांब मुदतीचा, कमी व्याजाचा निधी द्यावा. कोल्हापूर, सांगली, इचलकरंजी, नाशिक, छत्रपती संभाजीनगर अशा ठिकाणी तिने उत्पादन समजणारे अभियंते नेमावेत. आणि कर्जाचा पहिला हप्ता पैसे उचलल्याच्या तारखेपासून नव्हे, तर उत्पादन सुरू झाल्यापासून मोजावा.

आपला,
एक निवृत्त तांत्रिक अधिकारी, कोल्हापूर