पटकथेतही तिचा वाटा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीत फिनलंडच्या जुन्या सिनेमावर लेख आला, वाचून बरे वाटले. मात्र ‘वाल्कोइनेन पेउरा’ (म्हणजे ‘पांढरे रेनडिअर’, १९५२) या चित्रपटाच्या नायिकेची ओळख ‘दिग्दर्शक एरिक ब्लोमबेर्ग यांची पत्नी’ एवढ्यावर उरकली आहे आणि वर ‘एका चित्रपटापुरती आली नि गेली’ असा शेराही मारला आहे. दोन्ही दुरुस्त व्हायला हवे.

मिर्यामी कुओस्मानेन (१९१५–१९६३) यांनी या चित्रपटाची पटकथा ब्लोमबेर्ग यांच्या जोडीने लिहिली. त्याआधी १९४० च्या ‘मिएहेन तिए’मध्ये त्या होत्या. त्याचे दिग्दर्शक न्यूर्की तापिओवारा फिनलंड आणि सोव्हिएत संघ यांच्यातल्या हिवाळी युद्धात मारले गेले आणि उरलेले काम ज्यांनी तडीस नेले त्यांत ब्लोमबेर्गही होते. ‘पेउरा’नंतर त्यांचे ‘कुन ओन तुन्तेएत’ (१९५४) आणि ‘किह्लाउस’ (१९५५) आले. त्या काळी तिथे तौनो पालो आणि अन्सा इकोनेन या नट-नटीच्या जोडीचा बोलबाला, आणि बाजार दोन-तीन बड्या कंपन्यांच्या हातात. ‘पेउरा’ निघाला तो यूनिओर-फिल्मी या छोट्या कंपनीतून. १९५३ मध्ये कान महोत्सवात फ्रेंच कवी-दिग्दर्शक झाँ कॉक्तो यांच्या अध्यक्षतेखालील परीक्षकांनी त्याला पारितोषिक दिले, १९५७ मध्ये गोल्डन ग्लोबही मिळाला. तरी नायिकेचे नाव आपल्याकडे कुणाला ठाऊक नाही.

भूमिका सोपी नव्हती. पिरिता ही सामी (उत्तरेकडच्या लॅपलंडमधल्या आदिवासी समाजातली) तरुणी नवऱ्याच्या ओढीने मांत्रिकाकडे जाते (आपल्याकडे देवऋषाकडे जावे तशी), आणि तिच्यातली शक्ती पाहून मांत्रिकच हादरतो. मग ती पांढरे रेनडिअर होऊन पुरुषांना बर्फात भुलवून नेते. संवाद मोजके आहेत. पिरिता कधी लाजते, कधी शिकारी होते, ते सगळे डोळ्यांतून कळते. एक उणीव सांगितलीच पाहिजे: सामी लोकांची ही कथा लिहिणारे आणि मुख्य भूमिका करणारे फिनिश होते. आपली भाषा, आपले देव दुसऱ्याने मांडले की काय होते, हे सीमाभागातल्या वाचकाला वेगळे समजावून सांगायला नको.

बेळगाव, खानापूर, निपाणीत कुणी हा चित्रपट दाखवणार असेल तर काही गोष्टी आधीच पाहाव्यात. चौकट १.३७ : १ ची, म्हणजे चौरसाकडे झुकणारी. १६ : ९ च्या १२ फूट रुंद पडद्यावर चित्र सव्वानऊ फूट रुंद पडते, दोन्ही बाजूंना सव्वा फुटाहून अधिक काळे राहते. ते राहू द्यावे. ‘पडदा रिकामा दिसतो’ म्हणून कुणीतरी झूमचे बटण दाबतोच. मग वरखालचे मिळून जवळजवळ पाव चित्र जाते, माथी छाटली जातात आणि तळाची अक्षरेही गायब होतात.

दुसरा घोळ बर्फाचा. लग्नाच्या व्हिडिओसाठी प्रोजेक्टर ‘व्हिव्हिड’ (भडक रंगांच्या) मोडवर ठेवलेला असतो. त्यावर पांढऱ्या बर्फात पांढरे जनावर विरघळून जाते. ‘सिनेमा’ मोड लावावा, चित्रपट कृष्णधवल असल्याने रंग शून्यावर आणावा, मग कॉन्ट्रास्ट हळूहळू उतरवत जावे. बर्फातल्या खुरांच्या ठशांची सावली आणि जनावराच्या पायांची कड स्पष्ट दिसली की थांबावे. खिडक्यांना काळे कापड नसेल तर हा खटाटोप फुकट; अशा वेळी खेळ अंधार पडल्यावरच ठेवावा.

उपशीर्षकांचे वेगळेच. युरोपीय डीव्हीडीत चित्रपट सेकंदाला २४ ऐवजी २५ चौकटींनी धावतो, त्यामुळे ६८ मिनिटांची प्रत सव्वापासष्ट मिनिटांत संपते. एका वेगाच्या प्रतीची उपशीर्षकांची फाइल दुसऱ्या वेगाच्या प्रतीला लावली तर सुरुवात जुळते आणि शेवटाकडे अक्षरे पावणेतीन मिनिटांनी चुकतात. खेळाआधी शेवटचा संवाद लावून पाहावा. मराठी उपशीर्षके युनिकोडमध्येच टंकावीत. डीटीपीवाल्यांच्या जुन्या फाँटमध्ये केलेली फाइल प्लेअरवर इंग्रजी अक्षरांचा काला होऊन उमटते. जोडाक्षरे फुटत असतील तर अक्षरे चित्रातच पक्की करून घ्यावीत. खाली कन्नड ओळ द्यायची असेल तर दोन्ही भाषांना एकेकच ओळ ठेवावी, नाहीतर अर्धा पडदा लिपीनेच भरतो.

प्रत यूट्यूबवरून उतरवू नये. हेलसिंकीच्या राष्ट्रीय दृक्‌श्राव्य संस्थेने (कावी) या चित्रपटाचे ४के पुनरुज्जीवन केले आहे. हक्क आणि प्रत यांची विचारणा आधी तिथेच करावी. विचारणेच्या पत्रात मूळ फिनिश नाव आणि १९५२ हे साल अवश्य घालावे, कारण इंग्रजीत ‘व्हाइट रेनडिअर’ नावाचा २०१३ चा एक अमेरिकी चित्रपटही आहे आणि तो भलताच निघतो. हस्तपत्रिकेवर श्रेयाची ओळ अशी छापावी: दिग्दर्शन व छायाचित्रण एरिक ब्लोमबेर्ग, पटकथा एरिक ब्लोमबेर्ग आणि मिर्यामी कुओस्मानेन.

– काही चित्रपटप्रेमी वाचक, टिळकवाडी, बेळगाव