जांबुवंताच्या नाकात दोरी नव्हती

कराड

चि. लेकास,
अनेक आशीर्वाद.

तुझी गोष्ट मिळाली. रात्री जेवणं झाल्यावर बाबांना मोठ्यानं वाचून दाखवली आणि सकाळी पुन्हा एकटीनं वाचली. घरातून रुसून निघालेला पोरगा, कोयनेचं रान, तिथं भेटलेलं अस्वल, दोघांची मैत्री आणि स्वतःची ओळख पटून घरी परतलेला तो. भाषा गोड उतरली आहे. वारुळाच्या पलीकडून येणारा तो फुर्र-फुर्र आवाज पोरगा ऐकतो, कसला आवाज ते कळत नाही आणि त्याचे पाय जागीच थिजतात, तो भाग तर अस्सल झालाय. पण पुढं ते अस्वल त्याला मिठी मारतं, मध भरवतं, थंडीत कुशीत घेऊन झोपवतं. तिथून मला रान दिसेनासं झालं. त्याबद्दलच लिहायला बसले आहे.

माझं माहेर पाटणच्या वरच्या अंगाला, हे तुला ठाऊकच आहे. 2010 मध्ये कोयना आणि चांदोली मिळून सह्याद्री व्याघ्र प्रकल्प झाला, पण अस्वल तिथं त्याच्या कितीतरी आधीपासून आहे. उन्हाळ्यात करवंदं पिकली की तुझी आजी आणि गावातल्या बायका टोपल्या घेऊन निघायच्या आणि जाळीत हात घालण्याआधी मोठमोठ्यानं बोलायच्या, हाका मारायच्या, काठीनं झुडूप बडवायच्या. करवंदं अस्वलालाही तितकीच आवडतात. त्याचं नाक फार तिखट असतं, पण नजर आणि कान बेताचे. खाण्यात गुंग असलं की माणूस अगदी जवळ येईपर्यंत त्याला पत्ता लागत नाही, आणि मग दचकून ते अंगावर येतं. त्याच्या मनात वैर नसतं. ज्या रानात वाघ आणि बिबट्याही राहतो, तिथं पळून जाण्यापेक्षा उलटून अंगावर जाणं त्याच्या जातीच्या रक्तातच उतरलं आहे. आजीच्या हाकांचा अर्थ ‘आम्ही आलोय, तू बाजूला हो’ इतकाच असायचा. मला ती मैत्रीची रीत वाटते. तुझ्या गोष्टीत ती आली पाहिजे.

आता तुझ्या अस्वलाबद्दल. आपलं अस्वल वारूळ फोडून वाळवी खातं. लांब वाकड्या नखांनी माती उकरतं, फुंकर मारून धूळ उडवतं, नाकपुड्या मिटून घेतं आणि ओठांचा चंबू करून वाळवी ओढून घेतं. वरचे पुढचे मधले दोन दात त्याला नसतातच, त्या फटीतूनच ती आत जाते. तू ऐकवलेला आवाज तो हाच. तू तो कुठं ऐकलास की वाचलास, मला कळव. आणि कुशीत घेण्याचंच दाखवायचं असेल तर आई अस्वल दाखव. पिल्लं कित्येक महिने तिच्या पाठीवरच्या लांब केसांना धरून बसतात आणि ती त्यांना घेऊन रानभर हिंडते. ती माया खरी आहे, पण ती तिच्या पिल्लांसाठी आहे. तुझ्या पोरानं ती लांबून पाहिली आणि त्याला घरची आठवण आली, तर मी रडेन. तीच माया त्याच्या वाट्याला आली, तर मला खरं वाटणार नाही.

माझ्या लहानपणी बाजाराच्या दिवशी दरवेशी अस्वल घेऊन यायचा. डमरू वाजला की पोरं धावायची. पोराची भीती जावी म्हणून आया त्याला अस्वलाच्या पाठीवर बसवायच्या, अस्वलाचा केस ताइतात घालून गळ्यात बांधायच्या. मलाही बसवलं होतं. अंगाला उग्र वास येत होता आणि नाकातून आरपार गेलेली दोरी माझ्या डोळ्यांसमोरच होती. मोठी झाल्यावर वाचलं की ते पिल्लू असतानाच तापलेल्या सळईनं नाक टोचत, दात काढून टाकत. 1972 चा वन्यजीव कायदा आला तरी हे चालूच राहिलं. भारतातलं शेवटचं नाचरं अस्वल सुटलं ते 2009 मध्ये, तेही अस्वलं नाचवणाऱ्या कलंदर समाजातल्या कुटुंबांना दुसऱ्या रोजगाराची सोय करून दिल्यावर. सुटलेल्यांपैकी कित्येक आग्र्याजवळच्या केंद्रात राहिली. रानात एकटं जगणं त्यांना येतच नव्हतं.

तुझ्या गोष्टीतलं प्रेमळ अस्वल वाचताना मला ती दोरी दिसली. तू ती बांधली आहेस असं म्हणत नाही. पण जे अस्वल फक्त आपल्या पोराचं दुःख हलकं करायला येतं, ज्याला स्वतःची भूक नाही, पिल्लं नाहीत, रस्ता नाही, ते कुणाच्या तरी डमरूवर चालतंय असं वाटतं.

तुझ्या लहानपणीचा तो टेडी, ज्याचा एक कान तू चावून काढला होतास, त्याच्याही मुळाशी दोरीच आहे. 1902 मध्ये अमेरिकेचे अध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट मिसिसिपीत शिकारीला गेले होते. त्यांना अस्वल मिळेना, म्हणून सोबतच्यांनी एक अस्वल पकडून झाडाला बांधून ठेवलं. बांधलेल्या जनावरावर गोळी झाडणार नाही, असं रूझवेल्ट म्हणाले. त्याचं व्यंगचित्र छापून आलं आणि त्यावरून ब्रुकलिनच्या एका दुकानदारानं कापडी अस्वल केलं. त्या खऱ्या जखमी अस्वलाला मात्र यातनांतून सोडवायचं म्हणून मारलंच. जगभरच्या पोरांच्या कुशीत ते कापडी अस्वल आहे आणि त्याचं मला कौतुकही आहे. पण खरं अस्वल त्यात कुठं उरलं?

दुसऱ्या टोकाची गोष्टही तिकडचीच. टिमोथी ट्रेडवेल नावाचा माणूस तेरा उन्हाळे अलास्कात अस्वलांमध्ये जाऊन राहिला. त्यांना नावं दिली, त्यांच्याशी बोलायचा. 2003 च्या ऑक्टोबरमध्ये तो आणि त्याची मैत्रीण, दोघंही अस्वलाच्या हल्ल्यात गेले. त्याचं प्रेम खोटं होतं असं मला वाटत नाही. अंतर मिटलं की प्रेम वाढतं, असं त्याला वाटलं असावं.

आणि मग आपला जांबुवंत. तुझ्या गोष्टीला हवं ते सगळं त्याच्यापाशी आहे, म्हणून जरा सविस्तर लिहिते. वानरसेना समुद्राकाठी हताश बसली आहे. शंभर योजनं उडी कोण मारणार, याची मोजणी चालली आहे. वाल्मीकी रामायणात जांबुवंत स्वतःबद्दल सरळ सांगतो: तरुणपणी वामनानं तीन पावलं टाकली तेव्हा मी एकवीस वेळा पृथ्वीप्रदक्षिणा केली, आता म्हातारा झालोय, नव्वद योजनंच जमतील. दहा कमी पडतात. ते लपवत नाही, त्याची लाजही वाटून घेत नाही. मग तो बाजूला गप्प बसलेल्या हनुमंताकडे जातो आणि त्याला त्याचाच जन्म सांगतो. तू कुणाचा मुलगा, लहानपणी सूर्याला फळ समजून कसा झेपावलास. कुशीत घेत नाही, पाठीवर घेऊन उडी मारत नाही. जे हनुमंताचंच होतं ते त्याला ऐकवतो आणि मागं सरतो.

समर्थांचे अकरा मारुती आपल्याच पट्ट्यात. मसूर, उंब्रज, शहापूर तर आपल्या कराड तालुक्यातलेच. दर वेळी हात जोडताना मला त्या म्हाताऱ्या अस्वलाची आठवण येते. ज्यानं आठवण करून दिली त्याची मूर्ती मी आपल्या भागात कुठं पाहिलेली नाही.

गणेश चतुर्थीला चंद्र दिसला की आजी स्यमंतक मण्याची गोष्ट सांगायची, आठवतं? त्या मण्यापायी प्रसेन मेला, सिंह मेला, कृष्णावर चोरीचा आळ आला. आणि गुहेत जांबुवंताच्या बाळाला तो मणी खेळायला दिलेला. दाई म्हणते, रडू नको बाळा, हा स्यमंतक तुझाच. ज्याच्यासाठी माणसं एकमेकांवर आळ घेतात तो अस्वलाच्या घरी खुळखुळा! कृष्ण पावलांच्या खुणा बघत आत जातो, आणि भागवतात त्यांची झुंज 28 दिवस चालते. समोर कोण आहे हे जांबुवंताला त्या झुंजीतच उमगतं, मग तो मणी देतो, मुलगीही देतो. पण त्याचं घर ते त्याचंच राहतं. कृष्ण तिथून बाहेर येतो.

तेव्हा माझं ऐकशील तर मिठी काढ, मधही काढ. वारुळाजवळचा प्रसंग लांबव. पोराला तिथं बराच वेळ उभं राहू दे. अस्वल एकदा मान वर करून वास घेईल, कदाचित त्याच्याकडं बघेलही, आणि पुन्हा वाळवी खायला लागेल. त्या वेळात पोराला काय आठवतं, ते तू लिही. तुला ते जमेल, कारण रुसून तूही एकदा घाटाखालच्या ओढ्यापर्यंत गेला होतास आणि परत आल्यावर कितीतरी वेळ काही बोलला नव्हतास. तिथं काय झालं, ते मी आजवर विचारलेलं नाही.

नवा खर्डा झाला की पाठव. बाबांचं म्हणणं वेगळं आहे, त्यांना मिठी आवडली. ते स्वतंत्र लिहिणार आहेत. डबा वेळेवर खात जा, आणि रविवारी फोन कर.

तुझी,
आई