चि. सईस, दौऱ्यावर

चि. सई हिस अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर तुझा खोकला थांबत नव्हता, आणि अंगात ताप असताना नागपूरचा प्रयोग केल्याचे तू मला बक्षीस मिळाल्यासारखे सांगितलेस. वर तुझ्या लाडक्या इटालियन नटीचा दाखला देत ‘दुझेनेही आयुष्यभर हेच केले’ असे म्हणून फोन ठेवलास. तब्येतीबद्दल या पत्रात अक्षरही लिहायचे नाही, असे मी ठरवले आहे.

तुझ्या टेबलावर राहिलेले एलिओनोरा दुझेचे चरित्र मी वाचून काढले. तू तिच्याविषयी इतके का बोलतेस, ते आता कळले. १८५८ साली विजेव्हानोत फिरत्या नाटकवाल्यांच्या घरी जन्म, चौथ्या वर्षी रंगमंचावर, आणि चौदाव्या वर्षी जूलिएटच्याच वेरोनात जूलिएट! १८९५ साली लंडनमध्ये, आपल्याला सोडून गेलेला प्रियकर अनेक वर्षांनी समोर येतो त्या प्रवेशात, चेहऱ्याला रंगभूषा नसल्यामुळे तिची लाली प्रेक्षकांना चढताना दिसली, आणि ही लाली रोज आपोआप येते की काय, असा प्रश्न बर्नार्ड शॉला पडला. ते वाचताना मला तुझी कॉलेजची एकांकिका आठवली. आजोबांची काठी हातात घेऊन तू नुसती उभी होतीस, एक शब्द बोलत नव्हतीस, आणि तुझे बाबा, जे नाटकात हमखास पेंगतात, ते खुर्चीच्या कडेवर येऊन बसले होते. तुला हे त्यांनी कधी सांगितले नसेल.

पण सई, ‘आयुष्यभर हेच केले’ हे तुझे म्हणणे खरे नाही. तिची आई क्षयाने गेली होती, तिची स्वतःची फुफ्फुसे कायम नाजूक होती, आणि तब्येतीपायी प्रयोग रद्द करण्याबद्दल तर ती प्रसिद्धच होती. १९०९ साली तिने रंगमंच सोडला, १९१६ साली ‘चेनेरे’ हा एकच मूकपट केला, आणि १९२१ साली साठी ओलांडल्यावर ती परतली, त्यात हौसेइतकीच पैशाची निकड होती. ५ एप्रिल १९२४ रोजी पिट्सबर्गमध्ये थिएटरचे दार उघडेना म्हणून ती पावसात भिजली, तशीच उभी राहून तिने प्रयोग केला, आणि २१ तारखेला हॉटेलच्या खोलीत न्यूमोनियाने गेली. तू त्या एका रात्रीचा कित्ता गिरवते आहेस. तुला बालपणी दर पावसाळ्यात छातीचा त्रास व्हायचा, रात्र रात्र वाफ द्यावी लागायची, हे तू विसरली असशील. ज्यांनी पातेले धरले ते विसरत नाहीत. अंगावर दुखणे काढण्यात कसली आली आहे निष्ठा? तुमच्या नाटकात बदली कलाकार ठेवायला काय हरकत आहे?

बघ, झाले माझे प्रवचन सुरू. रागावू नकोस. तुला थांबवायचे असते तर काकूंशी भांडून तुला पुण्याला पाठवलेच नसते.

खरे सांगायचे तर ते पुस्तक मी दुझेपेक्षा एन्रिकेटाच्या बाजूने वाचले. दुझेने आपल्या या मुलीला नाटकापासून दूर, वसतिगृहात वाढवले; आई दौऱ्यावर आणि लेक पत्रांची वाट पाहत. आई गेली तेव्हा ती इंग्लंडमध्ये होती. आपल्या घरी दौऱ्यावर लेक आहे, इतकाच फरक.

दुझेने १९१४ साली रोममध्ये नट्यांसाठी वाचनालय आणि विसाव्याची जागा काढली होती. त्याबद्दल तू मला कधी काही बोलली नाहीस, ती पाने पुन्हा वाच. अमरावतीच्या प्रयोगाआधी डॉक्टरांना छाती दाखव आणि एक्स-रे काढायला सांगितला तर टाळू नकोस. बाबांनी पैसे पाठवले आहेत. ते नेपथ्यात घालू नयेत, असे त्यांनी मला मुद्दाम लिहायला सांगितले आहे. डॉक्टर काय म्हणतात ते त्याच दिवशी कळव, रात्री कितीही उशीर झाला तरी.

तुझी,
आई