येऊरच्या पाड्यांना मध्यस्थीचा हक्क कधी?

संपादक साहेब, नमस्कार.

शहापूर, मुरबाडकडच्या अनुसूचित, म्हणजे आदिवासी क्षेत्रातल्या गावांना १९९६ च्या पेसा कायद्याने एक मोठी गोष्ट दिली, आपल्या रूढीप्रमाणे तंटे मिटवायची पद्धत जपायचा अधिकार ग्रामसभेला आहे. पण येऊरचे पाडे ठाणे महापालिकेत येतात, तिथे ना ग्रामसभा ना पेसा, म्हणजे वारली काय, कातकरी काय, भांडण झालं की थेट पोलीस स्टेशन.

मागच्या पावसाळ्यात तिथल्या एका पाड्यात दोन चुलतभावांचं बांधावरच्या फणसावरून वाजलं. पोलिसांत एनसी, म्हणजे अदखलपात्र तक्रार झाली, दोघांची मजुरी बुडाली, बोलणं बंद ते बंदच. शेवटी जुन्या माणसांनी दोघांना अंगणात बसवलं, मी तिथेच होतो. बाप्यांचं बराच वेळ चाललं तरी काही सुटेना, मग मागे बसलेली एक आजी म्हणाली, अरे हे फणसाचं नाहीच, धाकट्याच्या पोरीच्या लग्नात थोरल्याला कोणी विचारलं नाही ना, तिथून सुरू झालंय. थोरला रडलाच. एनसीच्या कागदावर हे कुठे येणार होतं सांगा? फणस एक वर्ष याचा, एक वर्ष त्याचा असं ठरलं आणि दोघं एकत्र चहा प्यायले.

अमेरिकेत नवाहो आदिवासींनी तर १९८२ मध्येच आपली समेटाची जुनी रीत स्वतःच्या कोर्टाला जोडून घेतली. आपल्याकडे २०२३ च्या मध्यस्थी कायद्यात सामुदायिक मध्यस्थीची तरतूद आहे, परिसराची शांतता बिघडवू शकेल असा वाद, दोन्ही बाजूंची संमती, विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज आणि त्याने नेमलेलं तीन मध्यस्थांचं पॅनल लागतं, आणि समाजात मान असलेली साधी माणसंसुद्धा त्यात बसू शकतात. तिथल्या समझोत्याला कोर्टाच्या हुकूमनाम्याचं बळ नाही हे खरं, पण पाड्यात शब्दाला अजून किंमत आहे हो.

आता कोणी म्हणेल जातपंचायतीला मागच्या दाराने आणताय, तर अजिबात नाही. वाळीत टाकणं २०१६ च्या कायद्याने गुन्हा आहे आणि तो गुन्हाच राहिला पाहिजे. बाईवर हात टाकला, मारहाण झाली तर ते पोलिसांतच गेलं पाहिजे, तिथे समेट नको.

ठाणे जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाने येऊरला येऊन पाड्यातल्याच माणसांचं पॅनल करावं आणि त्यात निदान एक तरी बाई असावी, ही कळकळीची विनंती.

एक वाचक, वर्तकनगर, ठाणे